‘असत’ आणि ‘असतात’

गेल्या श्रावणातली गोष्ट आहे. विदर्भातल्या एका लहान पुराणवस्तुसंग्रहालयात मी दुपारच्या वेळी उभा होतो. बाहेर सरीवर सर येत होती आणि आत जुन्या सागवानी काचपेट्यांना येतो तो ओलसर वास, डांबराच्या गोळ्यांच्या उग्र वासात मिसळून, दालनभर साठला होता. तेवढ्यात एका आश्रमशाळेच्या मुली आल्या. चपला दाराशी काढलेल्या, वेण्यांवरून पाणी निथळते आहे आणि शहाबादी फरशीवर ओल्या पावलांची रांगच्या रांग उमटते आहे. त्यांच्या बाईंनी एक चांगली रीत ठेवली होती. प्रत्येक पेटीपाशी एकीने पुढे व्हायचे आणि आतली पाटी मोठ्याने वाचून दाखवायची. भोपळ्याच्या तुंब्यापाशी जिची पाळी आली ती बारा वर्षांची असेल. एकेका शब्दावर बोट ठेवल्यासारखी ती वाचत होती, “आदिवासी लोक पाणी नेण्यासाठी भोपळ्यापासून बनविलेल्या या पात्राचा वापर करीत असतात.” बाई म्हणाल्या, “असतात नाही, असत. नीट बघून वाच.” मुलगी काचेशी वाकली. तिचा श्वास काचेवर उमटला आणि विरला. मग तिने ते वाक्य पुन्हा पहिल्यापासून वाचले आणि शेवटी थांबून, जपून म्हटले, “करीत असत.” बाई “शाब्बास” म्हणाल्या आणि रांग पुढे सरकली.

मी काहीच बोललो नाही.

बाईंचे काही चुकले नव्हते. पाटीवर जे लिहिले आहे तेच वाचायला शिकवणे हे त्यांचे काम होते आणि ते त्या मायेने करत होत्या. मुलीचे वाचन मात्र चुकले की बरोबर होते, हा प्रश्न त्या दिवसापासून माझ्या मनातून जात नाही. ‘करीत असत’ या रूपाला आपल्या व्याकरणात रीतिभूतकाळ म्हणतात. शाळेत तो शिकवताना ‘आजोबा पहाटे उठत असत’, ‘राजे वेश पालटून नगरात फिरत असत’ अशीच उदाहरणे देतात आणि ते साहजिकही आहे, कारण जे नेमाने चालत होते आणि आता चालत नाही त्याच्यासाठीच हा काळ आपण राखून ठेवला आहे. घरात आई स्वयंपाक करत असताना कोणी ‘आई स्वयंपाक करीत असे’ असे म्हणाले, तर ऐकणाऱ्याच्या अंगावर काटा येईल. फोटोला हार घातल्यासारखा हा काळ आहे. त्या पाटीवर कोणीतरी कसलाही वाईट हेतू नसताना, केवळ भाषा भारदस्त वाटावी म्हणून, तो हार घालून ठेवला होता. आणि त्याच्यासमोर उभी असलेली मुलगी, जिच्या आडनावात मडावी, आत्राम, पुंगाटी या गोंड-माडिया नावांपैकी काही असणे सहज शक्य होते, तो हार नकळत काढत होती. २०११च्या जनगणनेत गोंडी ही आपली मातृभाषा सांगणारे लोक २९ लाखांहून अधिक आहेत. एवढी माणसे ज्या भाषेत आज भांडतात, लेकरांना निजवतात, बाजारात घासाघीस करतात, त्या भाषेच्या घरातली वस्तू आम्ही भूतकाळात लिहून मोकळे झालो. आणि पाटीचा कर्ता तरी कोण, तर ‘आदिवासी लोक’. महाराष्ट्रात अनुसूचित जमाती ४५ आहेत. त्यांतल्या कोणाचा हा तुंबा, हे विचारायची सोय त्या वाक्यात ठेवलेलीच नव्हती.

तुंबा मी पहिल्यांदा हातात घेतला तो गडचिरोली जिल्ह्यातल्या भामरागडच्या पलीकडे, पर्लकोटा, पामुलगौतमी आणि इंद्रावती या नद्या जिथे एकमेकींना भेटतात त्या मुलखात. त्याला आता बरीच वर्षे झाली. गोंडांपैकीच असलेल्या एका माडिया कुटुंबाच्या अंगणात कुंपणावर वेल चढलेला होता आणि एक भोपळा मुद्दाम न तोडता ठेवलेला होता. तो वेलावरच पिकतो, वाळतो, हिरव्याचा पिवळट आणि मग करडा होतो आणि हलवला की आतल्या बिया खुळखुळतात. मग देठापाशी बोट जाईल एवढे भोक पाडायचे आणि आत पाणी भरून ठेवायचे. गर कुजू लागतो, त्याची दुर्गंधी अशी सुटते की भांडे अंगणाच्या टोकाला ठेवावे लागते. मग बारीक खडे टाकून तो जोराने हलवायचा, घाण ओतायची, पुन्हा पाणी, पुन्हा खडे. हे काम त्या घरातली म्हातारी करत होती, दोन्ही हातांनी तुंबा छातीशी धरून, अंगाला लय देत, एखाद्या रडक्या मुलाला झुलवावे तशी. बाहेर पडलेल्या बिया तिने वाया जाऊ दिल्या नाहीत. त्यांतल्या टपोऱ्या वेचून तिने वेगळ्या ठेवल्या. शेजारी जुना तुंबा पडला होता, बुडाशी उभा तडकलेला, आणि त्याच्या पोटात आता मिरच्या ठेवल्या होत्या. मला प्यायला दिलेले पाणी दुसऱ्या एका तुंब्यातले होते. ते गार होते आणि त्याला एक मंद कडवट चव होती, जी दोन घोटांनंतर जाणवेनाशी झाली. मी तुंब्यावर हात फिरवला तर जिथे रोज पकड बसते तिथे साल काचेसारखी गुळगुळीत झाली होती आणि खाली दोरीच्या वळांचा खडबडीतपणा लागत होता.

संग्रहालयातला तुंबा दिसायला अगदी तसाच होता. त्याच्या बुडाशी पांढऱ्या रंगाचा छोटा चौकोन काढून त्यावर काळ्या शाईने नोंदणी क्रमांक घातलेला होता. दोरी कोरडी पडून तिचे तंतू सुटले होते. तो फार दिवस पाण्यावाचून राहिला होता, हे त्याच्या रंगावरून कळत होते, कारण वापरातल्या तुंब्याला जी एक स्निग्ध, तांबूस झाक येते ती त्याच्यावरून गेली होती.

त्याच इमारतीत, भिंतीपलीकडे, पुरातत्त्वाचे दालन आहे. नागपूरच्या भोवती इसवी सनापूर्वीच्या पहिल्या सहस्रकातली महापाषाणीय दफने शेकड्यांनी आहेत. मोठमोठ्या धोंड्यांची वर्तुळे, मधोमध दगडगोट्यांचा ढीग आणि त्याच्या पोटात मृताबरोबर ठेवलेल्या वस्तू. काटोल रस्त्यावरच्या जुनापाणीला अशी सुमारे ३०० वर्तुळे आहेत. टाकळघाट-खापा, नायकुंड, माहुरझरी इथे उत्खनने झाली. माहुरझरीला डॉ. शां. भा. देव यांच्या उत्खननात माणसांबरोबर घोडे पुरलेले सापडले आणि त्या घोड्यांच्या तोंडावरचे तांब्याचे अलंकारही. नायकुंडला लोखंड गाळण्याची भट्टी सापडली. या दालनात मी नेहमी थांबतो तो लोखंडी कुऱ्हाडीपाशी. सपाट पाते असते आणि ते दांड्याला घट्ट धरून ठेवण्यासाठी लोखंडाच्या पट्ट्या फुलीसारख्या एकमेकींवरून नेलेल्या असतात. विदर्भातल्या या काळाची ती खूणच आहे. पाते गंजून फुगलेले, पट्ट्यांना पापुद्रे सुटलेले. पण फुली अजून आवळलेली आहे, आणि ज्या दांड्याला ती आवळून धरत होती तो दांडा मात्र केव्हाच मातीला मिळाला आहे. लोहाराच्या हाताचा पीळ राहिला आणि लाकूड गेले. बांबू, दोर, कातडे, भोपळा, पानांचे द्रोण, फुलांच्या माळा, हे सगळे त्या दफनांतही असणारच. काळ्या-तांबड्या मडक्यांइतकेच, कदाचित त्यांच्याहून जास्त. माती त्यांतले काही ठेवत नाही.

म्हणजे कुऱ्हाड अडीच हजार वर्षे टिकते आणि त्यामुळे ती भूतकाळात राहू शकते. तुंब्याला ती सोय नाही. तो पाचदहा वर्षांत तडकतो, त्यात मिरच्या भरल्या जातात, मग तो चुलीत जातो. तुंबा आज आपल्याला माहीत आहे तो केवळ एवढ्याचसाठी की प्रत्येक पिढीत कोणीतरी बिया वेचून ठेवल्या, पावसाच्या तोंडावर त्या कुंपणाशी लावल्या आणि कुजक्या गराची घाण सहन करत भांडे छातीशी धरून हलवले. त्या साखळीतली एक कडी तुटली असती तर तो उत्खननातही सापडला नसता. वर्तमानकाळाशिवाय त्याला राहायला जागाच नाही. अशा वस्तूपुढे ‘असत’ लिहिणे हे मला नुसते अपुरे वाटत नाही, ते तिच्या घडणीच्या उलट जाणारे वाटते.

आणखी एक गोष्ट मला त्या दिवशी घरी परतताना सुचली आणि मी रस्त्यातच थांबलो. पुरातत्त्वाच्या दालनातल्या पाट्यांवर तिसरेच क्रियापद आहे. ‘हे घोड्याच्या तोंडावरील अलंकार असावेत.’ ‘हे पात्र धान्य साठविण्यासाठी वापरले जात असावे.’ असावेत, असावे. पुरातत्त्वज्ञ हा शब्द सवयीने लिहितात, पण तो प्रामाणिक शब्द आहे. मेलेल्याला विचारता येत नाही, म्हणून सांगणारा एक पाऊल मागे उभा राहून सांगतो. ज्यांची हाडेही पिठासारखी झाली आहेत अशा माणसांबद्दल आम्ही एवढ्या अदबीने बोलतो. आणि ज्यांना एका दिवसाच्या प्रवासात जाऊन विचारता येईल, जे त्या क्षणी ओल्या वेण्यांनी समोर उभे होते, त्यांच्याबद्दल मात्र कोणालाही न विचारता ठामपणे ‘असत’ लिहितो.

मी लहान असताना हे दोन कप्पे माझ्या मनात वेगळे नव्हते. नागपूरचे मध्यवर्ती संग्रहालय आम्हा मुलांना ‘अजब बंगला’ म्हणूनच ठाऊक होते आणि तिथे जायचे म्हणजे एकाच फेरीत सगळे पाहायचे, भुसा भरलेले वाघ, दगडी मूर्ती, ताम्रपट, आदिवासींचे दागिने. १८७० मध्ये बालाघाट जिल्ह्यातल्या गुंगेरियाला गुरे राखणाऱ्या मुलांना तांब्याचा जो प्रचंड साठा सापडला, ४२४ तांब्याची हत्यारे आणि १०२ चांदीचे पत्रे, त्याचा एक वाटा त्या संग्रहालयात आला, एक लंडनला गेला. गुरे राखणारी मुले खजिना शोधतात, हे मला त्या वयात इतके पटले होते की कित्येक दिवस मी माळावर जमिनीकडे पाहत चालत असे. त्या संग्रहालयाची स्थापना १८६३ची. त्याच वर्षाच्या सप्टेंबरात स्टीफन हिस्लॉप हा स्कॉटिश मिशनरी टाकळघाटची शिळावर्तुळे पाहून परतताना ओढ्याला आलेल्या पुरात बुडून मेला. पुढे त्याच्या नावाने नागपुरात महाविद्यालय झाले. मला त्याच्याविषयी जे मोलाचे वाटते ते वेगळेच आहे. तो एका हाताने शिळावर्तुळे उकरत होता आणि दुसऱ्या हाताने परधानाच्या, म्हणजे गोंडांच्या पारंपरिक गायकाच्या, तोंडून लिंगो या त्यांच्या आद्य पुरुषाचे गोंडी गीत उतरवून घेत होता. ते गीत रिचर्ड टेंपलने १८६६ मध्ये त्याच्या कागदपत्रांबरोबर छापले. मिशनऱ्याच्या नजरेला ज्या मर्यादा असायच्या त्या त्यालाही होत्या. पण पुरलेला दगड आणि गायले जाणारे गीत हे त्याच्यापाशी एकाच जिज्ञासेचे दोन विषय होते. पुढे ज्ञानाच्या शाखा झाल्या, शाखांची दालने झाली आणि मध्ये भिंत आली. त्याने ज्या लिंगोचे गीत लिहून घेतले त्या लिंगोच्या नावाने आजही माघ पौर्णिमेला सालेकसा तालुक्यातल्या कचारगडच्या गुहेकडे माणसांची रीघ लागते. तिथे कोणीही ‘असत’ म्हणत नाही.

भामरागडच्या त्या फेरीत गावाबाहेर पायवाटेच्या कडेला मी उभे दगड पाहिले होते. काही गुडघ्याएवढे, काही छातीएवढे, एकमेकांपासून थोडे अंतर राखून, जणू बोलता बोलता थांबलेले. माडिया लोक आपल्या मृतांसाठी असे दगड उभारतात. माझ्याबरोबर असलेला तरुण चालता चालता एका दगडापाशी थांबला, त्यावर तळहात टेकवला आणि म्हणाला, “हा माझा काका.” ‘काकाचा दगड’ असे तो म्हणाला नाही. दगड उन्हाने तापलेला होता आणि त्याच्या बुडाशी वाळलेले गवत कोणीतरी नुकतेच उपटलेले दिसत होते. जुनापाणीच्या वर्तुळांपाशी पुरातत्त्व खात्याचा फलक आहे, कायद्याने संरक्षण आहे आणि ते असायलाच हवे. तिथल्या धोंड्यांवर कोरलेल्या वाटीसारख्या खळग्यांवरून मी बोट फिरवले आहे, पण तो धोंडा कोणाचा काका, हे सांगणारा तिथे कोणी उरलेला नाही. या दोन दगडांमध्ये सरळ वंशाचा धागा जोडणे घाईचे ठरेल आणि मी तो जोडत नाही. मला एवढेच दिसते की एका जागी प्रश्न विचारता येतो आणि दुसऱ्या जागी येत नाही; आणि जिथे येतो तिथे आम्ही तो विचारत नाही.

मात्र एक गोष्ट इथे सांगितली नाही तर हा सगळा लेख खोटा ठरेल. त्या मुलीच्या गळ्यात निळी प्लॅस्टिकची बाटली होती. पट्टा आखूड असल्यामुळे ती वाकली तेव्हा बाटली काचेवर आपटली आणि तिने ती पटकन हाताने धरली. तिच्या घरी तुंबा असेलच असे नाही. कदाचित तिच्या आजीकडे असेल, कदाचित आजीनेही तो सोडून दिला असेल. बाटली हलकी असते, फुटत नाही, तिला वर्षभर वेलावर वाळवावे लागत नाही, आणि रानात मैलोन्‌मैल चालणाऱ्या बाईने बाटली निवडली तर तिला नावे ठेवण्याचा मला काय अधिकार? ‘असतात’ हे कदाचित तिच्या घरातून आले नसेलही. वाचताना जीभ ओळखीच्या शब्दाकडे घसरते, तशी घसरली असेल. मग पाटीवरचा भूतकाळ काही वर्षांत आपोआप खरा ठरणार आहे काय? हा विचार मनात आला तेव्हा मला बरे वाटले नाही. पण तो खरा ठरला तरी ते त्या माणसांनी ठरवलेले असेल, त्यांच्या पाणवठ्याच्या अंतरावरून आणि त्यांच्या पाठीच्या दुखण्यावरून. पाटी लिहिणाऱ्याने ते आधीच ठरवून टाकणे वेगळे.

भोपाळच्या इंदिरा गांधी राष्ट्रीय मानव संग्रहालयात उघड्या टेकडीवर वेगवेगळ्या जमातींची घरे आहेत. ती त्या त्या जमातीच्या माणसांनी तिथे येऊन आपल्या हातांनी बांधलेली आहेत. त्याच टेकडीवर प्रागैतिहासिक चित्रे असलेले शैलाश्रयही आहेत. मी तिथे गेलो तेव्हा एका घराच्या भिंतीवर ताज्या मातीचा हात फिरलेला होता. बोटांचे ठसे ओले होते आणि वास पहिल्या पावसाचा येत होता. मातीच्या भिंतीला दर वर्षी लिंपण लागते. संग्रहालयाला त्यामुळे पुन्हा पुन्हा माणसाची गरज पडते, हे मला त्या घराचे सर्वांत मोठे वैभव वाटले. काचपेटीला फक्त कुलूप लागते.

दिवाळीनंतर मी त्या लहान संग्रहालयात पुन्हा गेलो आणि या वेळी सहायक अभिरक्षक मॅडमना भेटलो. त्यांच्या टेबलावर फायलींचा ढीग होता, खोलीत दुसरा माणूस नव्हता, आणि दोन जागा रिकाम्या असल्याचे त्यांनी तक्रारीचा सूर न लावता सांगितले. पाट्या त्यांच्या आधीच्या काळातल्या होत्या. मी मुलीची हकीकत सांगितली तेव्हा त्या काही वेळ बोलल्याच नाहीत. मग उठून त्यांनी कपाटातून कापडी बांधणीची नोंदवही काढली, क्रमांक पाहून पान उघडले आणि माझ्यापुढे सरकवली. जांभळी पडलेली शाई, वळणदार अक्षर. ‘तुंबा, भोपळ्याचा. १ नग. गळ्यास दोरी. बुडाशी बारीक चरा. खरेदी.’ पुढे गावाचे नाव होते. ज्याच्याकडून घेतला त्याच्या नावाचा रकाना मोकळा होता. मी ती ओळ दोनतीनदा वाचली. तिच्यात क्रियापदच नव्हते. कोणी एके काळी तुंबा हातात घेऊन, उलटा करून, बुडाचा चरा बोटाने तपासून, जेवढे दिसले तेवढेच लिहिले होते. ‘असत’ नंतर आले, नोंदवहीपासून काचपेटीपर्यंतच्या वाटेत कुठेतरी.

“मग काय लिहू सर?” त्यांनी विचारले आणि कोऱ्या पाटीचा एक तुकडा व पेन्सिल पुढे ठेवली. आम्ही दोघे अर्धा तास बसलो. गावाचे नाव लिहिले. ‘माडिया’ लिहावे तर त्या गावात आणखी कोण राहते हे पाहायला हवे होते. ‘तुंबा’ हा मराठी शब्द झाला. त्या घरात त्याला काय म्हणतात, ते आधी यायला हवे होते. ‘वापरतात’ लिहून खोडले, ‘काही घरांत अजून वापरतात’ लिहिले, मग ‘अजून’ हा शब्द त्यांनाच खटकला. ‘अजून’ म्हटले की जणू संपण्याची वाट पाहतो आहोत, असे त्या म्हणाल्या, आणि तोही खोडला. शेवटी वाक्याच्या टोकाला जागा मोकळी सोडून त्यांनी तो तुकडा नोंदवहीच्या त्याच पानात ठेवला. मग अभ्यागतांच्या वहीची पाने मागे उलटत त्यांनी त्या आश्रमशाळेचे नाव शोधले. दर श्रावणात येतात, त्या म्हणाल्या, पुढच्या खेपेला पेटी उघडून तुंबा मुलींच्या हातात देऊ आणि त्यांनाच विचारू. किल्ली कुठे आहे ते पाहण्यासाठी त्यांनी खण उघडला.